भिशीची बोली, पाटल्यांची घट आणि पाडव्याचा भाव

वाचकांचे प्रश्न : घरचा पैसा

या वेळच्या पत्रांमध्ये शेअर आणि म्युच्युअल फंड जवळपास नाहीतच. भिशी, सोनं, पिग्मी, सावकार, धोंड्याचं वाण असेच प्रश्न बहुतेकांनी विचारले आहेत. सोन्याचा भाव रोज बदलतो, म्हणून हिशेबात आम्ही सोयीचा आकडा धरला आहे. तुमच्या गावचा त्या दिवसाचा भाव घालून तोच हिशेब पुन्हा मांडावा.

आमची १२ जणींची लिलावाची भिशी आहे, महिना ५,००० रुपये. मुलाच्या फीसाठी तिसऱ्या महिन्यात बोली लावून उचलावी का? मैत्रीण म्हणते, “भिशीला व्याज नसतं.”
— एक वाचक, इचलकरंजी

व्याज चिठ्ठीच्या भिशीला नसतं. लिलावाच्या भिशीला असतं, फक्त ते बोलीत लपलेलं असतं.

भिशी भरते ६०,००० रुपयांची. पहिला हप्ता रिवाजाप्रमाणे चालवणारी घेते, बोलीशिवाय. समजा दुसऱ्या महिन्यात कोणी १०,८०० सोडून भिशी उचलली. ते १०,८०० बारा जणींत वाटले की प्रत्येकीला ९०० सूट मिळते आणि ५,००० ऐवजी ४,१०० भरावे लागतात. तिसऱ्या महिन्यात तुम्ही ९,६०० सोडले, तर हातात येतात ५०,४०० आणि त्या महिन्याचा हप्ता ४,२००. पुढे गरजू कमी होत जातात तशी बोली उतरते. समजा चौथ्या महिन्यापासून सूट ७००, ६००, ५००, ४००, ३००, २००, १५०, १०० अशी आली आणि शेवटच्या महिन्यात शून्य.

उचलीच्या दिवसापर्यंत तुम्ही ५,००० + ४,१०० + ४,२०० म्हणजे १३,३०० भरलेले असतात. मिळालेल्या ५०,४०० पैकी तेवढे तुमचेच पैसे परत आले. खरी उसनवारी ३७,१०० रुपयांची. तिच्यापोटी पुढच्या नऊ महिन्यांत तुम्ही ४२,०५० भरता. जास्तीचे ४,९५० दिसायला किरकोळ वाटतात. पण मुद्दल दर महिन्याला फिटत जातं, त्यामुळे हा दर महिना अडीच टक्क्यांच्या आसपास पडतो. वर्षाचे झाले सुमारे ३० टक्के. दागिना ठेवून बँकेतून घेतलेलं कर्ज साधारण ९ ते १२ टक्क्यांना मिळतं.

आता शेवटी उचलणारीचा हिशेब पाहा. तीही वर्षभरात ५५,३५० भरते आणि बाराव्या महिन्याला पूर्ण ६०,००० घेते. तिला महिन्याला दीड टक्का, म्हणजे वर्षाला १८ टक्क्यांच्या आसपास परतावा पडतो. बँकेची मुदत ठेव एवढं देत नाही, आणि का देत नाही हेही उघड आहे. भिशी उचलून झालेल्या अकरा जणींपैकी कोणीही हप्ता थांबवला, तर भोक पडतं ते शेवटच्या ६०,००० मध्ये. ते १८ टक्के ही त्या जोखमीची मजुरी आहे.

म्हणून गरज तिसऱ्या महिन्यातच असेल आणि घरात दागिना असेल, तर फीसाठी दागिन्यावर कर्ज काढा आणि भिशी शेवटाकडे ढकला. दागिना नसेल तर बोली लावा, पण ९,६०० ला नको. बसायच्या आधी कागदावर आकडा लिहून ठेवा, समजा ५,०००, आणि त्यापुढे जाऊ नका. लिलावात चढ लागते ती गरजेपेक्षा ईर्षेने जास्त.

भिशी बुडते कुठे, तेही सांगतो. चालवणारीच्या चार भिश्या एकदम सुरू असतात आणि एकीचं भोक दुसरीच्या पैशानं बुजवलं जातं. एकीनं दोन नावं घातलेली असतात आणि दोन्ही सुरुवातीलाच उचललेली असतात. किंवा हप्ते पूर्ण गोळा व्हायच्या आधीच बोली उरकते आणि उचलणारीला “उरलेले परवा देते” म्हणून सांगितलं जातं. यावर उपाय साधे आहेत. सगळे हप्ते जमल्याशिवाय बोली नाही. बोलीची कमाल मर्यादा पहिल्याच दिवशी वहीत लिहायची. उचलणारीनं भिशीतल्याच, अजून न उचललेल्या दोघींचा जामीन द्यायचा. हप्ता यूपीआयनं भरायचा आणि शेऱ्यात महिना लिहायचा. वहीवर दर महिन्याला सगळ्यांच्या सह्या हव्यात.

१९८२ च्या चिट फंड कायद्याखाली नोंदलेल्या चिटमध्ये चालवणाऱ्याचं कमिशन कमाल ७ टक्के असतं (२०१९ च्या दुरुस्तीआधी ५ होतं) आणि तक्रारीला निबंधक असतो. घरगुती भिशीला यातलं काही नसतं, सह्यांची वहीच काय ती.

चिठ्ठीच्या भिशीबद्दलही विचारलंत. तिथे शेवटची चिठ्ठी निघणारीचं नुकसान फक्त ठेवीच्या व्याजाइतकं. वर्षाला ६ टक्के धरले तर सुमारे १,६५० रुपये. वर्षभर बळेच झालेली बचत आणि महिन्याकाठी एक संध्याकाळ गप्पांची, याची ही किंमत आम्हाला जास्त वाटत नाही.

आईच्या ४० ग्रॅमच्या जुन्या पाटल्या मोडून तेवढ्याच वजनाच्या नव्या करायच्या आहेत. सराफ म्हणतात वरचे ८० हजार लागतील. सोन्याला सोनं देऊन एवढे पैसे कसे?
— एक वाचक, सांगली

लागू शकतात, आणि त्यात फसवणूक असेलच असं नाही. पण प्रत्येक रुपया कुठे जातो ते सराफाकडून लिहून घ्यायचं.

चोख सोन्याचा भाव १० ग्रॅमला १,००,००० धरू. जुन्या पाटल्यांवर हॉलमार्क नसतो. मशीनवर त्या समजा ८७.५ टक्के, म्हणजे २१ कॅरेट निघाल्या. ४० ग्रॅममध्ये चोख सोनं ३५ ग्रॅम, किंमत ३,५०,०००. त्यावर सराफानं २ टक्के घट (आटवताना कमी होणाऱ्या वजनापोटीची कपात) कापली की उरले ३,४३,०००.

नव्या पाटल्या ९१६ च्या, म्हणजे २२ कॅरेटच्या. ४० ग्रॅमचे ३,६६,४००. घडणावळ १२ टक्के, ४३,९६८. दोन्ही मिळून ४,१०,३६८, त्यावर ३ टक्के जीएसटी १२,३११. हॉलमार्किंगचे नगाला ४५ रुपये अधिक कर, दोन पाटल्यांचे १०६. एकूण सुमारे ४,२२,७८५. जुन्याचे ३,४३,००० वजा केले की ७९,७८५. तुमच्या सराफाचा आकडा इथूनच येतो.

यातले सुमारे १६ हजार शुद्धतेतल्या फरकाचे आहेत. ते वाया जात नाहीत, नव्या पाटल्यांत सोनं म्हणून उरतात. ७ हजार घट, ४४ हजार घडणावळ आणि १२ हजार कर मात्र परत कधी मिळणार नाहीत. आणि पाटल्या म्हणजे घडणावळ सर्वांत कमी लागायला हवी असा दागिना. त्यावर १२ टक्के सांगत असतील, तर घासाघीस तिथे करा. सोन्याच्या भावावर करून उपयोग नाही.

मोडण्याआधी तीन गोष्टी. पहिली, पाटल्या स्वतः तपासून घ्या. भारतीय मानक ब्युरोची मान्यता असलेल्या हॉलमार्किंग केंद्रात कुणालाही दागिना तपासता येतो. चार नगांपर्यंत २०० रुपये, पाच किंवा जास्त असतील तर नगाला ४५. हा कागद हातात असला की दुकानातलं “एकोणीस कॅरेट निघालंय” तिथेच थांबतं. दुसरी, आटवायचं ठरलं तर आटणी तुमच्यासमोर व्हावी आणि आटवण्याआधीचं व नंतरचं, अशी दोन्ही वजनं लिहून घ्यावीत. जुन्या दागिन्यात सांधे जोडायला डाग (मिश्रधातूचं जोडकाम) लावलेला असतो आणि सांध्यांत मळ असतो, त्यामुळे वजन थोडं उतरतं. तिसरी, घट शुद्धता मोजल्यानंतर कापली जातेय की आधीच, हे विचारा. काही जण शुद्धतेचेही पैसे कापतात आणि वर “जुनं सोनं” म्हणून आणखी पाच टक्के. हे दुहेरी झालं.

ठुशी, बोरमाळ, वज्रटीक यांचा मामला वेगळा. मण्यांत लाख असते, काहींच्या आत दोरा किंवा कापड असतं. एकूण वजन ३० ग्रॅम भरलं, तरी सोनं त्याहून बरंच कमी निघतं. असा दागिना घेताना बिलावर एकूण आणि निव्वळ अशी दोन वजनं वेगवेगळी लिहून घ्या. ती नसली, तर मोडायच्या दिवशी तोंडी हिशेबाला काही अर्थ राहत नाही. आमचं मत विचाराल तर जुनी ठुशी मोडूच नये. सोनं हातात कमी येतं आणि तशी घडण पुन्हा करायला मजुरी भरपूर पडते.

नव्या पाटल्यांवर तीन खुणा पाहा : ब्युरोचं त्रिकोणी चिन्ह, २२के९१६ आणि सहा अक्षर-अंकांचा एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा स्वतंत्र ओळख क्रमांक. १ एप्रिल २०२३ पासून एचयूआयडीशिवाय हॉलमार्कचा दागिना विकता येत नाही. ब्युरोच्या बीआयएस केअर ॲपमध्ये तो नंबर घातला की दागिन्याचा प्रकार आणि शुद्धता दिसते. पाटलीचा नंबर टाकल्यावर “अंगठी” दिसली, तर दुकानातून तसेच उठा.

एक गोष्ट सहसा कुणी सांगत नाही. सोनं देऊन सोनं घेणं हीसुद्धा आयकराच्या लेखी विक्रीच. पाटल्या २४ महिन्यांहून जुन्या आहेत, त्यामुळे नफ्यावर १२.५ टक्के कर. २००१ च्या आधीच्या असतील तर खरेदी किंमत म्हणून १ एप्रिल २००१ चा बाजारभाव धरता येतो. आईकडून आलेल्या दागिन्याला आईचीच खरेदी तारीख आणि किंमत लागू होते.

पाडव्याला सोन्याचा भाव मुद्दाम चढवतात का? मग मुहूर्त सोडून घ्यावं का?
— एक वाचक, जळगाव

भाव मुहूर्तानं ठरत नाही. परदेशातला डॉलरमधला दर, रुपयाची किंमत आणि आयात शुल्क, या तिघांवर ठरतो. २३ जुलै २०२४ ला अर्थसंकल्पात सोन्यावरचं शुल्क १५ वरून ६ टक्क्यांवर आलं आणि भाव एका दिवसात हजारोंनी कोसळला. पंचांगात तो आषाढ वद्य पक्ष होता, कोणी मुहूर्त म्हणणार नाही असा.

मुहूर्ताला बदलते ती घडणावळ आणि तुमची सौदा करण्याची ताकद. पाडवा, अक्षय्य तृतीया, दसरा, दिवाळी पाडवा किंवा गुरुपुष्य असलं की दुकानात उभं राहायला जागा नसते. त्या गर्दीत “मजुरीवर ५० टक्के सूट” हे निम्मं नेमकं कशाच्या निम्मं, हे विचारायला कुणाला सवड नसते. सूट विचारूच नका. ग्रॅममागे घडणावळ किती रुपये, एवढंच विचारा आणि दोन दुकानांत विचारा.

मुहूर्त पाळायचा तर खुशाल पाळा. आठ-दहा दिवस आधी, निवांत दुपारी जाऊन नग पसंत करा, घडणावळ ठरवा, थोडी रक्कम देऊन भाव बांधा आणि पाडव्याला सोनं घरी आणा. भाव बांधताना पावतीवर “बुकिंगचा किंवा नेण्याच्या दिवसाचा, जो कमी तो भाव” असं लिहून मिळतं का पाहा. बरेच सराफ देतात, पण न मागता नाही. ज्यांना मुहूर्ताचं काही नाही त्यांच्यासाठी पितृपक्ष उत्तम. गिऱ्हाईक नसतं आणि सराफाला बोलायला वेळ असतो.

याच वाचकांनी लक्ष्मीपूजनाच्या शेअरबाजाराबद्दलही विचारलं आहे. मुंबई शेअर बाजारात हे मुहूर्ताचे सौदे १९५७ पासून होतात. एरवी एका तासाचा आणि संध्याकाळचा हा बाजार २०२५ मध्ये २१ ऑक्टोबरला दुपारी पावणेदोन ते पावणेतीन भरला. सौदे एरवीसारखेच खरे असतात आणि पैसेही तसेच द्यावे लागतात. उलाढाल कमी असते, म्हणून छोट्या कंपनीचा शेअर बाजारभावानं मागू नका, स्वतःचा दर घालून मागा.

जूनमध्ये पीककर्जाचं नवं-जुनं करायला, म्हणजे जुनं फेडून नवं उचलायला, दीड लाख लागतात. दरवर्षी गावातल्या एकाकडून शेकडा तीननं घेतो. बायको म्हणते, सोनं बँकेत ठेवा. काय स्वस्त?
— एक वाचक, परभणी जिल्हा

वहिनींचं बरोबर आहे.

शेकडा तीन म्हणजे महिन्याला ३ टक्के, वर्षाला ३६. दीड लाखाला महिन्याचे ४,५००. बँकेत नवं-जुनं व्हायला १५-२० दिवस लागतात, पण सावकार तुकड्याचाही अख्खा महिना धरतो. तिसावा दिवस ओलांडून दुसरा महिना लागला की ९,०००. तेच दीड लाख बँकेत दागिन्यावर १० टक्क्यांनी घेतले, तर २० दिवसांचं व्याज सुमारे ८२२ रुपये. मूल्यांकनाचं आणि प्रक्रियेचं शुल्क मिळवलं तरी फरक राहतोच.

कायदाही पाहून ठेवा. महाराष्ट्रात २०१४ च्या सावकारी कायद्याखाली परवानाधारक सावकाराला शेतकऱ्याकडून तारणावर वर्षाला ९ टक्के आणि विनातारण १२ टक्के, एवढंच घेता येतं. शेकडा तीन घेणाऱ्याकडे एक तर परवाना नाही किंवा तो परवान्याबाहेरचा धंदा करतोय. तालुक्याच्या सहायक निबंधक कार्यालयात त्याची तक्रार होते.

सोनं ठेवताना काय पाहायचं? रिझर्व्ह बँकेच्या १ एप्रिल २०२६ पासूनच्या नियमांप्रमाणे घरगुती गरजेच्या अडीच लाखांपर्यंतच्या कर्जाला सोन्याच्या किमतीच्या ८५ टक्क्यांपर्यंत रक्कम मिळू शकते, पाच लाखांपर्यंत ८० आणि त्यापुढे ७५. व्याज शेवटी एकदम भरायचं असेल तर तेही त्या मर्यादेत धरतात. तुम्हाला महिन्यासाठी दीड लाख हवे असतील, तर साधारण १ लाख ७८ हजारांचं निव्वळ सोनं लागेल. खडे, लाख, मणी यांचं वजन वजा होतं. भाव मागच्या ३० दिवसांची सरासरी किंवा आदल्या दिवसाचा, यातला जो कमी तो धरतात. म्हणून सराफकट्ट्यावरच्या भावानं हिशेब करून गेलात तर थोडे कमी पडतील. लगड किंवा बिस्किटावर कर्ज मिळत नाही, दागिनेच न्या.

मूल्यांकन तुमच्यासमोर व्हायला हवं आणि प्रत्येक नगाचं एकूण वजन, निव्वळ वजन, शुद्धता लिहिलेला कागद मिळायला हवा. तो जपून ठेवा, मोबाइलवर फोटो काढा. कर्ज फिटलं की दागिने त्याच दिवशी किंवा जास्तीत जास्त ७ कामकाजाच्या दिवसांत मिळायला हवेत. बँकेच्या चुकीनं उशीर झाला, तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे.

आणि तारखा उलट्या मांडा. पीककर्ज मुदतीत फिटलं तर तीन लाखांपर्यंत केंद्राची आणि राज्याची व्याज सवलत मिळून व्याज शून्यावर येतं. ती मुदत एका दिवसानं हुकली तरी सवलत जाते. म्हणून शेवटच्या आठवड्यात नाही, तीन आठवडे आधी सोनं ठेवा. मुदत तोंडावर आली की मूल्यांकनकर्त्यापुढे सगळं गाव उभं असतं.

सराफाकडची ‘११ हप्ते तुमचे, बारावा आमचा’ योजना. फायदा खरा आहे का?
— एक वाचक, ठाणे

आकड्यात खरा आहे. महिना ५,००० प्रमाणे ५५,००० भरले, सराफानं ५,००० घातले. हप्ते थोडे थोडे भरलेले असल्यानं बाराव्या महिन्याअखेर हे वर्षाला १५-१६ टक्क्यांच्या घरात जातं. पण हे पैसे रोख मिळत नाहीत. त्याच दुकानातून, त्याच्याच घडणावळीनं दागिना घ्यावा लागतो. घडणावळ बाहेरच्यापेक्षा ग्रॅममागे थोडी जास्त लावली की ते पाच हजार जिथून आले तिथेच परत जातात. योजनेत जायच्या आधीच घडणावळीचा दर पावतीवर घ्या.

आणखी एक प्रश्न विचारा : हप्ता रुपयांत जमतो की त्या दिवशीच्या भावानं ग्रॅममध्ये? भाव चढत असताना रुपयांतली योजना तुमच्या गळ्यात पडते.

अकराच हप्ते का, तर मालासाठी घेतलेली आगाऊ रक्कम ३६५ दिवसांत मालात वळवली नाही, तर कंपनीच्या लेखी ती ठेव ठरते आणि ठेवीचे सगळे नियम लागतात. याचा व्यवहारातला अर्थ असा की या पैशाला ना ठेव विमा आहे, ना तारण. दुकान बसलं तर ठेवीदारांच्या हितरक्षणाच्या १९९९ च्या एमपीआयडी कायद्याखाली तक्रार करता येते, पण पैसे यायला वर्षं लागतात. एका दुकानात एका वेळी एकच योजना, आणि घरातल्या एका दागिन्यापुरतीच.

भाजीच्या गाळ्यावर पिग्मीवाला रोज २०० रुपये नेतो, पतसंस्थेत भरतो. ५ लाखांचा विमा आहे म्हणतो.
— एक वाचक, नाशिक

नाही. ५ लाखांचा ठेव विमा बँकांना आहे, सहकारी बँकांनाही. पतसंस्थेला तो नाही. नावात ‘सहकारी’ दोन्हीकडे असतं, म्हणून पासबुकावर ‘बँक’ शब्द आहे का ते वाचा.

पिग्मी बंद करा असं आम्ही म्हणणार नाही. रोजच्या गल्ल्यातून २०० बाजूला पडतात ते फक्त कुणी दारात येऊन मागतो म्हणून. पण वर्ष भरलं की रक्कम उचलून बँकेत टाका, पतसंस्थेतच मुदत ठेव करू नका. रोजची नोंद एजंटच्या डायरीत नको, मशीनची पावती किंवा मोबाइलवर संदेश हवा. महिन्यातून एकदा शाखेत जाऊन शिल्लक विचारा. पिग्मीतली बहुतेक भांडणं तुमच्या आणि संस्थेच्या आकड्यांतल्या फरकावरून होतात.

धोंड्याच्या महिन्यात जावयाला चांदीचं निरांजन आणि ताम्हन द्यायचं आहे. चांदीत काय बघायचं?
— एक वाचक, पुणे

२०२६ चा अधिक ज्येष्ठ १७ मे ते १५ जून. या महिन्यात चांदीच्या वस्तूंची मागणी एकदम वाढते आणि दुकानात हलका माल पुढे येतो.

चांदीला एचयूआयडीचा हॉलमार्क १ सप्टेंबर २०२५ पासून सुरू झाला, पण तो ऐच्छिक आहे. त्यामुळे मागावा लागतो. बिलावर ९२५ की ९९०, हे लिहून घ्या. “चोख चांदी” हा शब्द बिलात चालवून घेऊ नका. निरांजनाचा दांडा पोकळ असतो आणि काही वेळा आत लाख भरून जड केलेला असतो, म्हणून निव्वळ वजन वेगळं विचारा. ताम्हन सपाट असतं, त्यात लपवायला जागा नसते. एकच वस्तू घ्यायची तर ताम्हन घ्या. वस्तूवर नाव कोरायचं असेल तर बिल झाल्यावर कोरा, कारण नाव कोरलेली वस्तू दुकानदार बदलून देत नाही.

चांदीची भांडी मोडताना घट सोन्यापेक्षा बरीच जास्त कापली जाते. वाणाची वस्तू सहसा कुणी मोडत नाही, त्यामुळे इथे ते फारसं मनावर घेऊ नका. ताटातल्या तेहतीस अनारशांना मात्र आधीपासून ऑर्डर द्या. महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात ते मिळत नाहीत.